रिस्टोरेशनच्या आधी कोठार

शिवेंद्र सिंह डुंगरपूर यांचा 'सेल्युलॉइड मॅन' हा माहितीपट २०१२ साली आला. विषय होता पी. के. नायर. पुण्यातले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली सुरू झाले, नायर १९६५ मध्ये तिथे रुजू झाले आणि १९९१ मध्ये संचालक म्हणून निवृत्त झाले. तोवर बारा हजारांच्या आसपास चित्रपट तिथे जमले होते. कोणता प्रसंग कोणत्या रिळात आहे, हे नायर कागद न पाहता सांगत. फाळके यांच्या कुटुंबीयांपर्यंत पोहोचून त्यांनी 'राजा हरिश्चंद्र' आणि 'कालिया मर्दन'ची रिळे मिळवली नसती, तर भारतीय सिनेमाच्या आरंभाचा डोळ्यांना दिसणारा पुरावाच आपल्याकडे उरला नसता.

डुंगरपूर त्या माहितीपटावर थांबले नाहीत. उदय शंकर यांच्या १९४८ च्या 'कल्पना'चे रिस्टोरेशन, म्हणजे खराब झालेल्या प्रतींवरून चित्रपट शक्य तितका मूळ रूपात आणण्याचे काम, मार्टिन स्कॉर्सेसी यांच्या वर्ल्ड सिनेमा फाउंडेशनकडून व्हावे यासाठी त्यांनी खटपट केली. २०१४ मध्ये मुंबईत फिल्म हेरिटेज फाउंडेशन काढले आणि पुढच्याच वर्षापासून देशात जतनाच्या कार्यशाळा सुरू केल्या. त्याआधी रीळ तपासायला, जोडायला, स्वच्छ करायला शिकवणारी व्यवस्था आपल्याकडे जवळजवळ नव्हती. अरविंदन यांचा 'थंप', अरिबम श्याम शर्मा यांचा 'इशानौ' आणि श्याम बेनेगल यांचा 'मंथन' हे त्यांच्या संस्थेने दुरुस्त केलेले चित्रपट २०२२, २०२३ आणि २०२४ अशी सलग तीन वर्षे कान महोत्सवात दाखवले गेले.

या दोघांचे ऋण मोठे आहे. आमचा मुद्दा मात्र त्यांच्या पलीकडचा आहे. जगात सर्वाधिक चित्रपट काढणाऱ्या देशांपैकी एका देशाचा चित्रपटवारसा आधी एका सरकारी अधिकाऱ्याच्या आणि नंतर एका माहितीपटकाराच्या ध्यासावर तगून राहिला, ही धोरणाची नापासी आहे. जतनाचे काम कायद्याने बांधलेले हवे आणि त्यासाठीचा पैसा सगळ्यात आधी कोठारावर, म्हणजे रिळे थंड आणि कोरड्या हवेत जपणाऱ्या जागेवर, खर्च व्हायला हवा. रिस्टोरेशनचा क्रम त्यानंतरचा. आज हा क्रम उलटा झालेला दिसतो, कारण रिस्टोरेशनला उद्घाटनाचा पडदा मिळतो आणि दोन अंश तापमानाच्या बंद खोलीला कोणी हार घालत नाही.

गेले ते किती, हे एकदा पाहून घेऊ. भारतात सुमारे १,३०० मूकपट निघाले. त्यांपैकी पूर्ण किंवा तुकड्यांत मिळून तीसही उरलेले नाहीत. 'राजा हरिश्चंद्र'चा जो भाग हाताशी आहे तो १९१३ चा की फाळके यांनी १९१७ मध्ये पुन्हा चित्रित केलेल्या आवृत्तीचा, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. पहिला बोलपट 'आलम आरा' (१९३१) पूर्ण गेला. बाबूराव पेंटर यांचा १९२५ चा मूक 'सावकारी पाश' गेला. आज आपण पाहतो ती १९३६ ची बोलकी आवृत्ती. प्रभातचा 'अयोध्येचा राजा' (१९३२) उरला, ही मराठी बोलपटाच्या दृष्टीने भाग्याची गोष्ट. पण भाग्य म्हणजे व्यवस्था नव्हे. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातल्या कोठाराला आग लागली आणि जुन्या नायट्रेट रिळांचा मोठा साठा काही तासांत जळून गेला.

हे का होते, ते समजून घेतल्याशिवाय उपायांची चर्चा पोकळ राहते. १९५० च्या सुमारापर्यंत पस्तीस मिलिमीटरची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असे. हा पदार्थ बंदुकीच्या दारूचा जवळचा नातलग. जळताना लागणारा ऑक्सिजन तो स्वतःच पुरवतो, म्हणून पेटल्यावर पाण्याखालीही विझत नाही. खराब होऊ लागलेले नायट्रेट सतत ४१ अंशांच्या वर राहिले तर आपोआप पेट घेऊ शकते. क्षय टप्प्याटप्प्याने होतो: चित्र पिवळट होऊन फिकटते, मग पृष्ठभाग चिकट होतो, त्यावर बुडबुडे येतात, रीळ एकजीव गोळा बनते आणि शेवटी तपकिरी भुकटी उरते. पहिल्या दोन टप्प्यांत प्रत काढता येते. तिसऱ्यापासून हाती लागतील ते तुकडे.

नायट्रेटनंतर आलेल्या अ‍ॅसिटेट फिल्मला 'सेफ्टी' म्हटले गेले. आगीपासून ती सुरक्षित खरी, पण उष्णता आणि दमटपणा तिला आतून खातात. त्यातून अ‍ॅसिटिक आम्ल सुटते, म्हणजे डबा उघडला की व्हिनेगरचा वास. हेच व्हिनेगर सिंड्रोम. सुटलेले आम्ल पुढच्या क्षयाला वेग देते आणि घट्ट बंद डब्यात ते कोंडून राहत असल्याने वेग आणखी वाढतो. शेजारच्या निरोगी रिळांनाही त्याची बाधा होते. फिल्म आकसते, वाकते, ठिसूळ होते आणि चित्र ज्यावर असते तो इमल्शनचा थर सुटतो. फिल्मच्या कडेच्या दोन छिद्रांतले (पर्फोरेशनमधले) अंतर ४.७५ मिलिमीटर असते. आकुंचन एक टक्क्याच्या आसपास गेले की प्रोजेक्टरचे दाते छिद्रांत बसत नाहीत आणि फिल्म फाटते. ताज्या अ‍ॅसिटेटला २१ अंश तापमान आणि ५० टक्के आर्द्रतेत क्षय सुरू व्हायला अंदाजे चाळीस वर्षे लागतात. तापमान तीस अंशांच्या पुढे गेले की हा काळ निम्म्याहून खाली येतो. मुंबईतल्या गोदामात मे महिन्याचा उष्मा आणि चार महिन्यांचा पावसाळा सोसलेल्या १९७० च्या दशकातल्या निगेटिव्हचे काय झाले असेल, हे सांगायला रसायनशास्त्रज्ञ लागत नाही.

रंगीत फिल्मचे दुखणे वेगळे. अंधारात, डब्यात पडून असतानाही तिचे रंग उडतात, आणि जुन्या प्रिंटमध्ये निळसर-हिरवा म्हणजे सायन रंग बहुधा सगळ्यात आधी जातो. मग संपूर्ण चित्र गुलाबी दिसू लागते. हा रंग रसायनाने परत आणता येत नाही. संगणकावर जो आणला जातो तो उरलेल्या माहितीवरून केलेला अंदाज असतो, आणि मूळ छायाचित्रकार हयात नसेल तर तो अंदाज बरोबर की चूक हे ठरवणारेही कोणी उरत नाही. 'मंथन'च्या वेळी बेनेगल आणि छायाचित्रकार गोविंद निहलानी दोघेही देखरेखीला होते. बहुतेक जुन्या मराठी चित्रपटांच्या वाट्याला हे येणार नाही.

रिस्टोरेशनचे काम प्रत्यक्षात कसे चालते ते पाहिले की कोठाराचे महत्त्व आपोआप कळते. आधी जगभर चौकशी होते: मूळ कॅमेरा निगेटिव्ह कुठे आहे, ध्वनीची निगेटिव्ह कुठे आहे (ती वेगळी असते, हे पुष्कळदा विसरले जाते आणि मग मूक चित्र हाती उरते), मधल्या प्रती किंवा प्रदर्शनाच्या प्रिंट कुठे आहेत. प्रत्येक रीळ टेबलावर हाताने, हळू फिरवून तपासतात. आकुंचन मोजतात, फाटलेली छिद्रे आणि उसवलेले जोड टेपने दुरुस्त करतात. एका चित्रपटाला याच कामात आठवडे जातात. मग स्वच्छता, मग स्कॅनिंग. ओरखडे भरून निघावेत म्हणून गरजेप्रमाणे फिल्म द्रवात बुडवून स्कॅन करतात. त्यानंतर फ्रेम स्थिर करणे, धूळ आणि रेघा काढणे, रंग जुळवणे, ध्वनीतली खरखर कमी करणे. यांत धूळ आणि खरखर काढण्याचे काम सगळ्यात नाजूक. स्वयंचलित सॉफ्टवेअर सैल सोडले तर धुळीबरोबर पावसाचे थेंब, उडणारे पक्षी, साडीवरची चमकही पुसली जाते, आणि फिल्मचा दाणा, म्हणजे तिचा मूळ कणीदार पोत, काढण्याच्या नादात माणसांचे चेहरे मेणाचे होतात. ध्वनीतही तेच. खरखर जास्त घासली की गायकाच्या श्वासाचा आवाज जातो.

या सगळ्याचा पाया म्हणजे हाती काय उरले आहे ते. 'मंथन'ची कॅमेरा निगेटिव्ह पुण्याच्या संग्रहालयात होती म्हणून चित्र तिच्यावरून घेता आले, आणि ध्वनी एका प्रिंटवरून उचलावा लागला. 'थंप'ची मूळ निगेटिव्ह उरलीच नव्हती. प्रतीवरून प्रत निघते तेव्हा प्रत्येक पिढीत तपशील कमी होतो आणि तो कोणतेही यंत्र नव्याने निर्माण करू शकत नाही. उत्तम तंत्रज्ञ, परदेशी लॅब आणि हवा तेवढा पैसा एकत्र आला तरी कोठाराने जे गमावले ते भरून निघत नाही. म्हणून एका नावाजलेल्या चित्रपटाच्या रिस्टोरेशनवर होणारा खर्च आणि शंभर अनोळखी चित्रपटांची निगेटिव्ह थंड, कोरड्या खोलीत नेण्याचा खर्च यांत निवड करायची वेळ आली, तर आम्ही दुसऱ्या बाजूला उभे राहू. पहिल्यासाठी दहा वर्षेही थांबता येते, अट एकच, तो थंडीत असला पाहिजे. दुसऱ्यांना थांबायला वेळ नाही.

'सगळे डिजिटल करून टाका, प्रश्न मिटला' असे सांगणारे मंत्रालयापासून निर्मात्यांच्या कार्यालयापर्यंत भेटतात. त्यांनी हा हिशेब करून पाहावा. अडीच तासांचा चित्रपट म्हणजे सुमारे १३,५०० फूट फिल्म, हजार फुटांची चौदा रिळे, २ लाख १६ हजार फ्रेम. पूर्ण ४के स्कॅनमध्ये (रुंदीत सुमारे चार हजार बिंदू) दहा बिटांची एक फ्रेम सुमारे ५१ एमबी भरते, म्हणजे एकूण ११ टीबी, तेही केवळ कच्चे चित्र. ध्वनी, दुरुस्त केलेली प्रत आणि दुसऱ्या शहरात ठेवायची राखीव प्रत धरली की आकडा तिपटीवर जातो. ही माहिती सहसा एलटीओ नावाच्या चुंबकीय टेपवर ठेवतात. त्या टेपची नवी पिढी दर काही वर्षांनी बाजारात येते आणि नवे ड्राइव्ह दोन-तीन पिढ्यांपूर्वीच्या टेप वाचत नाहीत. एलटीओ-९ च्या ड्राइव्हवर एलटीओ-७ ची टेप उघडत नाही. त्यामुळे दर पाच-सात वर्षांनी सगळा साठा नव्या टेपवर हलवावा लागतो आणि प्रत्येक फाइल जशीच्या तशी उतरली का, हे चेकसम, म्हणजे फाइलवरून काढलेला पडताळणीचा आकडा, जुळवून तपासावे लागते. एक फेरी चुकली, एका वर्षाची तरतूद अडकली, की साठा धोक्यात. उलट, पॉलिएस्टर फिल्मवर काढलेली निगेटिव्ह थंड कोठारात शे-दोनशे वर्षे टिकेल असे मानले जाते आणि ती वाचायला प्रकाश आणि भिंग पुरते. डिजिटायझेशन करावेच, चित्रपट लोकांपर्यंत पोहोचवण्यासाठी ते आवश्यक आहे. पण स्कॅन झाला म्हणून मूळ रीळ टाकून देणे हा अपराध समजला पाहिजे.

सगळ्यात जास्त धोका आज कोणत्या चित्रपटांना आहे असे विचारले, तर आम्ही १९३० च्या दशकाकडे बोट दाखवणार नाही. दाखवू ते २०१० नंतरच्या मराठी चित्रपटांकडे. त्या सुमारास फिल्म लॅब एकामागून एक बंद झाल्या आणि निर्मिती पूर्ण डिजिटल झाली. कित्येक चित्रपटांची एकमेव उत्तम प्रत निर्मात्याच्या किंवा एडिटरच्या कपाटातल्या एक-दोन हार्ड डिस्कवर आहे. वर्षानुवर्षे न फिरवलेली डिस्क एके दिवशी सुरूच होत नाही. थिएटरला गेलेली प्रत, म्हणजे डीसीपी, बहुधा कुलूपबंद असते. तिची किल्ली ठरावीक तारखांपुरती आणि ठरावीक यंत्रापुरती दिलेली असते. मुदत संपली की दोन-तीनशे जीबीची ती प्रत हातात असूनही उघडत नाही. नायट्रेटचा क्षय डोळ्यांना दिसतो, वास येतो, सावध व्हायला वेळ मिळतो. डिस्क कोणतीही सूचना देत नाही.

यावर कायद्याने काय करता येईल? पुस्तकांसाठी आपल्याकडे १९५४ चा कायदा आहे. त्यानुसार प्रकाशकाने पुस्तक निघाल्यापासून तीस दिवसांच्या आत, स्वखर्चाने, कोलकात्याचे राष्ट्रीय ग्रंथालय आणि आणखी तीन सार्वजनिक ग्रंथालयांना प्रत पाठवायची असते. पुढे त्यात वृत्तपत्रेही आली. चित्रपट आले नाहीत. सेन्सॉर बोर्डाकडे जाणारी प्रत परीक्षणासाठी असते, शतकभर टिकवण्यासाठी नव्हे. फ्रान्ससारख्या देशात चित्रपट अनिवार्यपणे जमा करायची पद्धत कायद्यातच आहे. आपल्यालाही ती हवी. मात्र १९५४ चा कायदा जसाच्या तसा उचलून चालणार नाही. त्यात दंड आहे पन्नास रुपयांपर्यंतचा आणि वर पुस्तकाच्या किमतीइतका. असा दंड कोणाला हलवत नाही. वचक बसवायचा तर जमा करण्याची अट पैशाशी जोडावी लागेल. महाराष्ट्र सरकार मराठी चित्रपटांना अनुदान देते. त्याचा शेवटचा हप्ता जतनाची प्रत तपासून स्वीकारल्याच्या पावतीनंतरच द्यावा. यासाठी संसदेची वाट पाहायची गरज नाही, शासन निर्णय पुरतो.

जमा काय करायचे, हेही नेमके लिहिलेले हवे, नाहीतर लोक पेन ड्राइव्ह आणून देतील. चित्राचा अंतिम मास्टर, दाबून लहान न केलेला. ध्वनीचे अंतिम मिश्रण, आणि संवाद, संगीत व इतर आवाज वेगवेगळ्या ट्रॅकवर. कुलूप नसलेली डीसीपी. उपशीर्षकांची फाइल, पटकथा, पोस्टर, स्थिरचित्रे. प्रत्येक फाइलचा चेकसम. दोन वेगवेगळ्या माध्यमांवर दोन प्रती. मुदत सेन्सॉरचे प्रमाणपत्र मिळाल्यापासून नव्वद दिवस. स्वीकारणाऱ्या संस्थेने महिन्याभरात प्रत उघडून, सुरुवातीपासून शेवटपर्यंत चालवून पाहावी. न तपासता कपाटात ठेवलेली प्रत जमा झालेली धरू नये. छोट्या निर्मात्याला हा खर्च जड जाईल हे खरे. तो सरकारने उचलावा. निर्मितीच्या खर्चापुढे तो किरकोळ असतो.

निर्मात्यांचा मुख्य आक्षेप गळतीचा असतो: प्रत बाहेर गेली, कोणी विकली, ऑनलाइन टाकली तर? ही भीती खोटी नाही आणि तिला उत्तर कराराने द्यावे लागेल. मालकी निर्मात्याचीच राहील, लेखी परवानगीशिवाय प्रदर्शन किंवा नक्कल होणार नाही आणि गळती झाल्यास संस्था भरपाई देईल. आपल्याकडे चित्रपटाचे स्वामित्व प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून साठ वर्षे असते. १९६४ साली प्रदर्शित झालेला चित्रपट १ जानेवारी २०२५ रोजी सर्वांसाठी खुला झाला. पण खुला झाला तरी दाखवायला प्रत कुठे आहे? ज्याने साठ वर्षे हक्क भोगला त्याने साठाव्या वर्षी समाजाला एक चांगली प्रत दिलीच पाहिजे, अशी अपेक्षा ठेवणे अन्याय्य नाही. कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये विनानफा सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी डिजिटल प्रत ठेवण्याची मुभा आहे. तिथे चित्रपट संग्रहालयांचे नाव स्पष्ट घालावे, म्हणजे मालक सापडत नाही म्हणून सडत पडलेल्या चित्रपटांची प्रत काढताना कोणाचा हात थरथरणार नाही.

केंद्राने पैसा दिला नाही असेही नाही. राष्ट्रीय चित्रपट वारसा अभियानासाठी सुमारे ५९७ कोटी रुपये मंजूर झाले होते आणि त्यातून तपासणी, स्कॅनिंग, दुरुस्तीची मोठी कामे निघाली. २०२२ मध्ये संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. महामंडळाचे मूळ काम चित्रपट काढणे आणि विकणे. अशा संस्थेत कोठाराची वीज, यंत्रांची देखभाल आणि रिळे तपासणाऱ्यांचे पगार या कायमच्या खर्चांना दरवर्षी इतर कामांशी स्पर्धा करावी लागण्याचा धोका असतो. अभियान संपते, कोठार संपत नाही. म्हणून या खर्चाचे स्वतंत्र लेखाशीर्ष हवे, ज्यातला रुपयाही दुसरीकडे वळवता येऊ नये.

कायदा होईपर्यंत ज्यांच्या घरी किंवा गोदामात डबे आहेत त्यांनी थांबू नये. रीळ प्रोजेक्टरवर चढवून पाहू नका. आकसलेली फिल्म पहिल्याच फेरीत फाटते. खोलीच्या खिडक्या उघडून डबा उघडा. फिल्मच्या कडेला 'सेफ्टी' लिहिले आहे की 'नायट्रेट' ते पाहा. काहीच लिहिले नसेल आणि चित्रपट १९५० च्या आसपासचा किंवा त्याआधीचा असेल तर नायट्रेटच समजा, साध्या कुरिअरने पाठवू नका, संग्रहालयाला कळवा. व्हिनेगरचा वास येणारी रिळे ताबडतोब वेगळी करा. गंजलेले पत्र्याचे डबे बदलून हवा खेळणारे प्लास्टिकचे डबे घ्या आणि ते आडवे ठेवा. उभ्या डब्यात रीळ स्वतःच्या वजनाने वाकडे होते. घरच्या फ्रिजमध्ये तसेच ठेवू नका, बाहेर काढताना त्यावर पाणी धरते आणि इमल्शन सुटते. डब्यावर नाव असले तरी रिळाच्या सुरुवातीच्या कोऱ्या पट्टीवरही लिहा, कारण झाकणे बदलली जातात आणि मग तुमच्या चित्रपटाचे सातवे रीळ दुसऱ्याच नावाखाली हरवते. चित्राच्या निगेटिव्हबरोबर ध्वनीचीही आहे का, हे आजच मोजून घ्या.

संग्रहालयांकडे मागणी एकच, पण ठाम. डब्यात ठेवायची एक साधी कागदी पट्टी मिळते. ती निळ्याची हिरवी आणि हिरव्याची पिवळी होते आणि एका दिवसात रिळातल्या आम्लाची पातळी शून्य ते तीनच्या मापावर सांगते. दीडच्या पुढे गेलेल्या रिळाची प्रत सगळ्यात आधी काढायची असते. अशी पट्टी प्रत्येक अ‍ॅसिटेट डब्यात ठेवून घेतलेली नोंद, कोठाराचे वर्षभराचे तापमान आणि आर्द्रता, वीज किती तास गेली, किती डबे दीडच्या पुढे आहेत आणि त्यांपैकी किती डब्यांची प्रत निघाली, हे आकडे दरवर्षी ३१ मार्चला प्रसिद्ध करावेत, चित्रपटांच्या नावांसह.